वितळत्या चरबीवर हाक मारू नये

चंद्रभानचं घर शोधायला आमच्या गल्लीत कधी कुणाला पत्ता विचारावा लागला नाही. नाक नेईल तिकडे जावं. परसात टिनाची शेड, शेडमध्ये चूल, चुलीवर काळाठिक्कर गंज, म्हणजे मोठं पातेलं, आणि त्यात बकरीची नाहीतर म्हशीची चरबी. दोरीवरच्या माझ्या साड्यांना तो वास धरायचा आणि मी तावातावानं भांडायला जायचे. तो ऐकून घ्यायचा आणि दुसऱ्या आठवड्यात पुन्हा चूल पेटवायचा.

माणूस उमरेडकडचा, शेतकऱ्याच्या घरातला. तिथल्या धोंडबा नावाच्या म्हाताऱ्यानं तरुणपणी त्याला वसापंथात, म्हणजे चरबीची किमया करणाऱ्यांच्या पंथात ओढलं. बाकीचे किमयागार पारा आणि गंधक घेऊन सोन्याच्या मागे लागतात, या पंथाला सोन्याशी घेणंदेणं नाही. जनावर जन्मभर जी ऊब कमावतं ती त्याच्या चरबीत साठते, असं हे लोक मानतात. आपल्या मरणानं मेलेल्या जनावराचीच चरबी घ्यायची, तिच्यात जवसाचं आणि मोहाच्या बियांचं तेल मुरवायचं आणि पुन्हा पुन्हा वितळवायचं. कधीतरी असं तेल उतरतं म्हणे, की ते पौषाच्या थंडीतही गोठत नाही, आणि चोळलं तर आखडलेले सांधे मोकळे होतात. धोंडबा वाट पाहून मेला. चंद्रभानचेही केस त्यातच पिकले.

त्याला ते तेल बायकोसाठी हवं होतं. भागीरथाची बोटं संधिवातानं अशी वळली होती की तिला स्वतःची वेणी घालता येत नव्हती. ती चंद्रभान घालायचा, वाकडीतिकडी. मुलगी मिनल शहरात सदर भागात नोकरी करते, ती गोळ्या आणून द्यायची. भागीरथा गोळ्याही घ्यायची आणि नवऱ्याचं प्रत्येक फसलेलं तेलही चोळायची.

"काहून लावतं वं हे घाण?" मी एकदा विचारलं.

"तेलाचं मले नाही समजत," ती म्हणाली. "पण माह्यासाठी करून राहिले ना ते."

या पंथाचा एक नियम होता. चरबी वितळायला लागली की तेल नितळ होईपर्यंत वितळवणाऱ्याला कुणी हाक मारायची नाही. हाक पडली की तेल गढूळच राहतं, सगळी मेहनत पाण्यात. म्हणून चूल पेटली की भागीरथा फाटकाशी खुर्ची टाकून बसायची, तोंडावर ते वाकडं बोट ठेवून. दूधवाला, भाजीवाली, मतं मागायला आलेले पुढारी, भांडायला आलेली मी, सगळ्यांना तिनं गप्प केलं. अलीकडे चंद्रभानला मोतीबिंदू झाला होता. मग तेल नितळलं का, हेही तीच गंजात वाकून पाहायची आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवून सांगायची.

मागच्या हिवाळ्यात एका सकाळी वास आला आणि मी नेहमीप्रमाणे भांडायला निघाले. फाटकाशी खुर्ची होती, भागीरथा नव्हती. मी आत गेले.

ती परसाकडच्या खिडकीखाली बसली होती. एका हातानं गज धरलेला. खिडकी उघडी होती, आणि शेड तिथून हाकेच्या अंतरावर. पदराचा बोळा तिनं तोंडात कोंबला होता, कण्हणंसुद्धा बाहेर जाऊ नये म्हणून. अंग कोमट होतं. मी शेडकडे धावले आणि दारातूनच ओरडले, "चंद्रभानजी!" तो दचकून उठला. त्याच्या मागे गंज दिसला. आतलं तेल चहासारखं गढूळ होतं.

दवाखान्यात डॉक्टर म्हणाले, हृदयाचा झटका, थोडं आधी आणलं असतं तर वाचल्या असत्या. मिनलनं बापाकडे पाहिलं आणि मग कितीतरी दिवस पाहिलंच नाही.

चूल त्या दिवशी आपली आपण विझली. गंज घासायला काढला तेव्हा मिनलला त्यात नितळ, सोनेरी तेल दिसलं. तिनं ते रागारागानं एका बाटलीत ओतून शेडमध्ये ठेवलं. तेरवीच्या दिवशी आमच्याकडे खोबरेल दगडासारखं गोठलं होतं. बाटलीतलं तेल मात्र पाण्यासारखं हलत होतं.

जेवणं झाल्यावर चंद्रभान माझ्याजवळ येऊन बसला.

"कुसुमताई, तुमी हाक मारली तवा गंजात पाह्यलं होतं का?"

"पाह्यलं."

"तेल साफ झालं होतं, का गढूळच होतं?"

तो काय विचारतोय ते मला कळलं. गढूळ तेलावर हाक पडली असेल आणि तरीही ते नितळलं असेल, तर हाकेनं काही बिघडतच नव्हतं. मग भागीरथाला तोंडात पदर कोंबायचं काही कारण नव्हतं. जन्मात मी त्या माणसाला एक शब्द गोड बोलले नव्हते. त्याची पांढुरकी बुबुळं माझ्यावर लागली होती.

"साफ झालं होतं," मी म्हणाले. "आरशासारखं."

त्यानं हळूहळू मान हलवली. "म्हणजे तिनंच राखलं," तो म्हणाला. मग उठून शेडमधली बाटली घेऊन आला आणि माझ्या हातात दिली. "तुमचेही गुडघे दुखते ना. लावा. तिच्या हातचं आहे."

बाटली माझ्या कपाटात आहे. रोज सकाळी उठताना गुडघे कळ मारतात. मी ती अजून उघडलेली नाही.