वस्तऱ्याखालचं मत

त्याला सगळे जजसाहेब म्हणत. कोर्टाची पायरी तो जन्मात चढला नव्हता. धंदा सलूनचा. बाजाराच्या कोपऱ्यावर दोन खुर्च्यांचं दुकान, समोर आरसा, मागे गिऱ्हाइकांना बसायला लांब बाक, आणि बाकावर जुनी मासिकं, ज्यांतली शब्दकोडी कुणीतरी केव्हाच चुकीची सोडवून ठेवलेली. पण शुक्रवारी नवा सिनेमा लागला की शनिवारी सकाळी इथे त्याचा निकाल लागे, आणि त्या निकालावर अपील नसे.

निकालाची पद्धत ठरलेली होती. गिऱ्हाईक बसलं, मान मागे टेकली, गालावर फेस चढला, वस्तरा कानाखाली आला, की जजसाहेब विचारायचा, "काय, पाहिला का नवीन?" आता तुम्हीच सांगा, अशा वेळी माणूस काय बोलणार? तो "हूं" म्हणायचा. मग जजसाहेब सुरू. नायकाला धावता येत नाही, नायिका धाय मोकलून रडते पण नाक काही लाल होत नाही, मध्यंतरानंतर तर लेखक झोपलाच होता. "पटतंय ना?" असं विचारेपर्यंत पातं कंठावर पोचलेलं असे. गिऱ्हाईक पुन्हा म्हणे, "हूं."

असे हजारो हुंकार गोळा करून त्याने मनाशी पक्कं करून टाकलं होतं की बाजारातल्या लोकांना सिनेमातलं चांगलं कळतं आणि झाडून सगळे आपल्याच मताचे आहेत. अरे भल्या माणसा, गळ्याला पातं लागलेलं असताना कोण वाद घालतो? पण एवढी साधी गोष्ट त्याच्या डोक्यात कधी शिरली नाही. घरी बायको त्याच्या मताला काडीची किंमत देत नसे. तो ज्याला नावं ठेवी नेमका तोच सिनेमा ती बहिणीला घेऊन पाहून येई. तिला त्यातलं कळत नाही, असं तो म्हणे. तिच्या गालाला वस्तरा लागत नाही, हे काही त्याला सुचलं नाही.

त्याचा सगळ्यात जुना हुंकार शेजारच्या घड्याळवाल्याचा. दोघं एका बाकावर बसून शाळेत मार खाल्लेले. घड्याळवाला मुळातच मितभाषी, त्यात दिवसभर डोळ्याला भिंग लावून कामात. बायको गेल्यापासून घरात तो आणि मुलगा दोघंच होते, आणि दोनेक वर्षांपूर्वी मुलगाही दुसऱ्या गावी गेला. "नोकरी लागली," एवढंच घड्याळवाल्याने सांगितलं होतं. एक दिवसाआड तो दाढीला येई. दोघांचं बोलणं व्हायचं ते तेवढ्या वेळात, म्हणजे एकाचं बोलणं आणि दुसऱ्याचं हूं.

त्या सुमाराला एक रडका सिनेमा लागला होता. त्यात म्हातारा बाप भर पावसात मुलाच्या बसमागे धावतो, धावताना त्याची एक चप्पल निसटते, तरी गडी थांबत नाही. जजसाहेबाला तर आयतं कोलीत मिळालं. तो खुर्चीभोवती एका पायावर लंगडी घालून दाखवी. "एका चपलेवर एवढं अंतर? त्या म्हाताऱ्याचे गुडघे बघितलेत का? आधी डॉक्टरकडे न्या म्हणावं त्याला." बाकावरचे हसत. कारण पुढची पाळी त्यांची असे.

मग तो प्रकार झाला. दुसऱ्या एका सिनेमात नायक गच्चीवरून उडी मारतो ती कशी खोटी आहे, हे एका गिऱ्हाइकाला समजावताना जजसाहेब स्टुलावर चढला. "खरा माणूस आधी गुडघे वाकवतो. हे बघा, असे," म्हणाला आणि मारली उडी. खाली साबणाचं पाणी सांडलेलं. उजवं मनगट मोडलं. गुडघे मात्र बरोबर वाकले होते, हे त्याने प्लॅस्टर घालणाऱ्या डॉक्टरलाही ऐकवलं.

दुसरी खुर्ची त्याची मुलगी सांभाळायचीच, आता दोन्ही तिच्याकडे आल्या. पोरगी कामाला चोख आणि काम करताना तोंडातून ब्र काढायची नाही. जजसाहेब हात गळ्यात अडकवून आयुष्यात पहिल्यांदा बाकावर बसला. हात मोडला होता, जीभ शाबूत होती.

एका सकाळी बाकावर बँकेचा कॅशियर आणि शाळेतले पीटीचे सर बसले होते. घड्याळवाल्याची दाढी नुकतीच आटोपली होती, तो टॉवेलने तोंड पुसत होता. जजसाहेबाने बसल्या बसल्या पुन्हा त्या रडक्या सिनेमातल्या चपलेचा विषय काढला.

"मला आवडला," टॉवेलातून आवाज आला.

"काय आवडला?"

"तो सिनेमा," घड्याळवाला म्हणाला. "तो बाप."

"अरे, मागे सांगितलं तेव्हा तू हूं म्हणालास," जजसाहेब म्हणाला.

"तुझा वस्तरा माझ्या गळ्यावर होता."

झालं. बांधाला एकदा भोक पडलं की पाणी थोडंच थांबतं. पीटीचे सर घसा खाकरून म्हणाले, "खरं सांगायचं तर जजसाहेब, मलाही बरा वाटला." कॅशियर तर मोकळाच सुटला. "मी दोनदा पाहिला. तुम्ही शिव्या घातल्या की तिकीट काढायचं, असं आमच्या बँकेत ठरलेलंच आहे. अजून एकदाही फसलो नाही."

जजसाहेबाचा चेहरा पडला. "आणि तो पोलिसाचा होता, तो?" त्याने विचारलं. छान होता म्हणे. "आणि जुळ्या भावांचा?" त्यातली गाणी सर अजून आंघोळ करताना म्हणत. एकेक सिनेमा तो पुढे करत गेला आणि एकेक निकाल त्याच्यावरच उलटत गेला. सगळे पोट धरून हसत होते. आरशात बघितलं तर पोटची पोरगीही हसत होती.

त्याच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. एवढ्या जणांवर रागावता येईना, म्हणून त्याने सगळा राग सगळ्यात जवळच्या माणसावर काढला. आपण सगळे असंच करतो. "हस, हस," तो घड्याळवाल्याला म्हणाला. "पण पोराच्या मागे असा धावणारा बाप म्हणजे शुद्ध गाढव. ज्याला मान आहे तो बाप दारात उभा राहतो."

घड्याळवाल्याने टॉवेलची घडी केली, खुर्चीच्या हातावर ठेवली आणि भांग न पाडताच निघून गेला.

ठरल्या दिवशी तो दाढीला आला नाही. त्यानंतरही आला नाही. आठवडाभरात त्याच्या गालावर खुंट दिसायला लागले, मग दाढी झाली, आणि शेजारी सलून असताना घड्याळवाल्याने दाढी का वाढवली याची चर्चा बाजारभर झाली. जजसाहेबाला रोज शटर उघडताना ती दाढी दिसे. आपली मतं कुणालाच पटत नव्हती हा घाव त्याने एकवेळ पचवला असता. पण शाळेपासूनचा एकुलता एक दोस्त हातचा जातोय, हे त्याला पचेना. तो धास्तावला होता. दोस्ताला नेमकं काय लागलं, हेही कळत नव्हतं.

प्लॅस्टर निघालं तेव्हा त्याने पद्धत बदलली. आता फेस लावायच्या आधीच गिऱ्हाइकाचं मत विचारायचं. ही चूक फार महागात पडली. लोकांच्या पोटात इतक्या वर्षांची मतं तुंबलेली. पीटीचे सर बोलायला लागले ते थांबेचनात. अर्ध्या गालाचा फेस वाळला, पुन्हा लावला, पुन्हा वाळला, आणि सर अजून मध्यंतरापर्यंतच आले होते. बाकावर रांग वाढली. जजसाहेब दात-ओठ खात ऐकून घेत होता, पण डोळे दाराकडे. ज्याचं ऐकायचं होतं तो सोडून सगळे येत होते.

"तुम्ही घड्याळवाल्या भावजींना कधी विचारलंत का, तो सिनेमा का आवडला?" बायको एकदा म्हणाली.

"आवडला म्हणजे आवडला. त्यात विचारायचं काय?"

"मग बसा त्यांच्या दाढीकडे बघत."

तो तणतणत उठला आणि दुपारच्या खेळाला जाऊन तोच सिनेमा पुन्हा पाहून आला. अगदी मनापासून आवडवून घ्यायचा, असं ठरवून गेला होता. जमलं नाही. पाऊस सरळ सरळ नळीने पाडलेला दिसत होता. चप्पल निसटते डाव्या पायातली आणि पुढच्याच क्षणी अनवाणी दिसतो तो उजवा पाय. आजूबाजूला माणसं मुसमुसत होती आणि हा पाय मोजत होता. काय करणार, स्वभावाला औषध नसतं.

तसाच तो घड्याळाच्या दुकानात शिरला. घड्याळवाल्यापुढे एक घड्याळ उघडं पडलं होतं आणि पांढऱ्या कागदावर मोहरीहून बारीक स्क्रू मांडलेले. जजसाहेबाने तोंड उघडलं.

"बोलू नकोस," घड्याळवाला मान वर न करता म्हणाला. "स्क्रू उडतील. बस तिथे."

तो स्टुलावर बसला आणि तोंडावर हात धरला. चिमट्याने एकेक स्क्रू उचलत, ओठ जेमतेम हलवत घड्याळवाला बोलायला लागला.

"पोराला नोकरीबिकरी काही लागली नव्हती. त्याला दुकानात बसायचं नव्हतं. मी म्हटलं, मग घरातही बसू नकोस. तो पिशवी भरून निघाला. माझ्या दारातून बसचा थांबा दिसतो, तुला माहीत आहे. त्या दिवशी बस यायला उशीर झाला. पुष्कळ उशीर झाला. तो तिथे उभा, मी इथे दारात उभा. माझ्या दोन्ही पायांत चपला होत्या."

जजसाहेबाने हात तोंडावर आणखी घट्ट धरला.

"तुला सांगणार होतो. दुसऱ्याच दिवशी दाढीला आलो तो त्याचसाठी. तोंड उघडलं, तर तू मिशीपाशी होतास. म्हणालास, हलू नकोस. आणि कुठल्याशा मारामारीचं सांगायला लागलास. मग राहिलंच ते."

आपला वस्तरा आपल्यावरच चालवावा, असं जजसाहेबाला वाटलं. या माणसासमोर आपण लंगडी घालून दाखवली. एकदा नाही, दर दाढीला. घड्याळवाल्याने शेवटचा स्क्रू बसवला, झाकण दाबलं, भिंग काढलं. "हं. बोल आता."

सिनेमा उत्तम होता, मीच चुकलो, असं म्हणून टाकावं आणि मोकळं व्हावं, असं फार मनात आलं. पण जीभ वळेना.

"सिनेमा टाकाऊच आहे," तो म्हणाला. "आत्ताच पुन्हा पाहून आलो. चप्पल डावी जाते आणि उघडा पडतो तो उजवा पाय."

घड्याळवाल्याने भिंग पुन्हा उचललं.

"पण बाप बरोबर होता."

"गाढव म्हणाला होतास त्याला."

"गाढव मी. पोराचा पत्ता आहे ना तुझ्याकडे? मग जा."

"आता काय तोंड घेऊन जाऊ?"

"हे तोंड घेऊन तर अजिबात जाऊ नकोस," जजसाहेब म्हणाला. "आधी दाढी कर. चल."

खुर्चीत बसल्यावर घड्याळवाला बोलतच राहिला. मुलगा लहानपणी कसा होता, सिनेमातला बाप नेमका कुठे चुकला आणि कुठे नाही, मधूनच पुन्हा मुलगा. जजसाहेब दर वाक्याला वस्तरा बाजूला घेई आणि थांबे. पण शेवटी शेवटी तो ऐकण्यात इतका गुंतला की हनुवटीपाशी हात चुकला. रक्त आलं. इतक्या वर्षांच्या धंद्यात त्याने माणूस कापला तो हा पहिला. तुरटी लावली, कापूस दाबला, तरी रक्त थांबेना. तो रडकुंडीला आला. "आज नको जाऊस. पोरासमोर असा कापूस लावून जाशील?"

"बस चुकेल," म्हणून घड्याळवाला निघालासुद्धा.

दुसऱ्या दिवशी जजसाहेब कामावर असून नसल्यासारखा. दोन गिऱ्हाइकांचे कल्ले वेगवेगळ्या उंचीचे झाले. दुपारी घड्याळवाला बसमधून उतरला तेव्हा हा रस्त्यावरच उभा होता.

"दार उघडलं?"

"उघडलं."

"मग? बोल ना."

"बघत राहिला नुसता. मीही बघत राहिलो. बसमध्ये पाठ केलेलं सगळं विसरलो. मला वाटलं, आता दार लावून घेतो." घड्याळवाल्याने हनुवटीवर बोट ठेवलं. "मग त्याने हे बघितलं. म्हणाला, 'बाबा, हे कुणी कापलं?'"

जजसाहेबाने मान खाली घातली. "तू काय सांगितलंस?"

"तुझं नाव सांगितलं. त्याला खरंच वाटेना. म्हणाला, 'काकांच्या हातून? शक्यच नाही. आत या, नीट सांगा.'"