करुणाच्या गोष्टीतला तो

करुणाला मी पहिल्यांदा नीट पाहिलं ते चिकलठाण्याच्या रिक्षा थांब्यावर. एक नवरा-बायको हमरीतुमरीवर आले होते आणि आम्ही सगळे त्यांच्या तोंडांकडे बघत होतो. करुणा बघत होती त्यांच्या हातांकडे. "बाई, एवढा वरडतोय, पण तिची पिशवी काय त्यानं खाली ठिवली नाय," ती मला हळूच म्हणाली. आमच्याच गल्लीतल्या नानासाहेबांची ही सून, सोमनाथची बायको, एवढंच तोवर मला ठाऊक होतं.

मी शाळेत मराठी शिकवते हे कळल्यावर ती लिहिलेलं दाखवायला येऊ लागली. सगळ्या प्रेमाच्या गोष्टी; पण त्यात कुणी कुणाला प्रेम आहे असं म्हणायचं नाही. मी कारण विचारलं, तर म्हणाली, "म्हनलं की संपलं, बाई. म्हनता येत नाय, तवर वाचणारा जागचा हलत नाय."

तिची एक गोष्ट दिवाळी अंकात छापून आली. शेतावरचा एक अबोल पुरुष आणि एक बाई. नावं दोघांनाही नाहीत. वाचून मलाही वाटलं, हा माणूस हिनं कुठंतरी पाहिलेला आहे.

भावकीला वाटलं, तो अजूनही तिला भेटतो.

वैजापूरहून मोतीराम आले. नात्यानं ते करुणाचे चुलत सासरे. सोबत भावकीतली काही माणसं आणि पिशवीत तो अंक. द्वारकाबाईंनी, म्हणजे करुणाच्या सासूनं, मला बोलावून घेतलं. "तुम्ही बसा बाई. शिकलेलं माणूस असलं म्हंजी आवाज चढत नायत." आणि त्या आत चुलीकडे गेल्या.

आवाज चढलाच.

"नवऱ्यावर असं कोण लिहितं का?" मोतीराम म्हणाले. "बाहेरचाच हाय कुणीतरी. नाव बी घातलं नाय. नुसतं तो, तो! सुनबाई, कोण हाय ते सांग, नायतर आजच माहेरी चल. गाडी दारात हाय."

सोमनाथ भिंतीला टेकून उभा होता. चितेगावच्या कंपनीतून तो पाळी सोडून आला होता. "करुणा, सांग की. हाय का कुणी?"

"बाहेरचं कुणी नाय."

"मग घरातलं?" कुणीतरी खवचट हसलं. "सोमनाथ तर तुला फोनवर बी धड बोलत नाय!"

करुणानं मान खाली घातली. समोर खुर्चीत नानासाहेब बसले होते. करड्या मिशीचा, कमी बोलणारा माणूस. भावकीत त्यांच्यापुढं कुणी पाय पसरून बसत नसे. करुणानं एकदाच त्यांच्याकडे पाहिलं आणि ओठ घट्ट मिटले. सोमनाथचा चेहरा उतरत गेला.

"बोलत नाय? ऐका मग हिचे प्रताप," म्हणत मोतीरामांनी अंक उघडला आणि ठसक्यात वाचू लागले. "ओसरीवर माणसं होती, म्हणून तो तिच्याशी बोलला नाही. सरळ गोठ्यात गेला आणि म्हशीला म्हणाला, काल रात्रभर कुणीतरी खोकत होतं..."

"मग अडुळशाचा पाला चुलीपाशी ठिवला," दारातून आवाज आला, "अन् म्हनला, ह्यो म्हशीसाठी हाय, कुणी हात लावू नका."

द्वारकाबाई उंबऱ्यात उभ्या होत्या. त्यांना वाचता येत नाही. मोतीरामांचं बोट ओळीवर तसंच राहिलं. पुढं हेच छापलेलं होतं.

"वहिनी, तुम्हाला कसं..."

"नाव नाय घातलं म्हंता. मी तरी कधी घेतलं का?" त्यांनी पदर पुढं ओढला. "लग्नाला चार दिस झालं नव्हतं, भाऊजी. चार माणसांत बायकोशी बोलायची रीत नव्हती."

नानासाहेबांचे कान लाल झाले होते. ते उठले. आता ते सुनेवर हात उगारतात की काय, असं मला वाटलं. सोमनाथ पटकन पुढं झाला आणि करुणाच्या समोर उभा राहिला.

"मोतीराम," नानासाहेब म्हणाले, "चहा घे अन् निघ. ऊन चढायच्या आत पोचशील."

गाडी गेल्यावर मी करुणाला विचारलं, आधीच का नाही बोललीस? "सासूबाईंनी भाकऱ्या थापताना सांगितलं होतं, बाई. मामंजींनी जन्मभर जे झाकून ठिवलं, ते मी भावकीपुढं कसं उघडू?"

नानासाहेब त्यानंतर बरेच दिवस तिच्याशी बोलले नाहीत. मग एकदा पेपरातून मान वर न काढता त्यांनी विचारलं, "दुसरी गोष्ट कधी छापतेत?"

करुणा सध्या दुसरी गोष्ट लिहिते आहे. ती आजकालच्या जोडप्याची आहे; त्यांना सगळं म्हणता येतं, म्हणून अजून तिच्या मनासारखी जमलेली नाही.