व्हर्डेलची एक ओळ

शिकागोच्या दक्षिण भागात क्लिओटिस बार्नवेलला सगळे क्ली म्हणत. दिवसा तो टपाल कार्यालयात पत्रं लावायचा आणि शनिवारी एका जुन्या गोदामात लोकांना पहाटेपर्यंत नाचवायचा. हात असा साफ, की एक तबकडी कुठे संपली आणि दुसरी कुठे सुरू झाली ते नाचणाऱ्याला कळायचंही नाही. पण त्याचं नाव झालं ते कापाकापीमुळे. कोणत्याही गाण्याची फीत द्या, तो ब्लेड घेऊन बसायचा, तिच्यातली नेमकी एक ओळ उचलायचा आणि बाकीचं सगळं फेकून द्यायचा. ती एक ओळ ठेक्यावर अशी घोळवायचा, की माणसं घामाने निथळली तरी नाच सोडायची नाहीत.

त्याची धाकटी बहीण व्हर्डेल चर्चच्या गायनवृंदात गायची. पंच्याऐंशी सालच्या एका रविवारी दुपारी क्लीने तिला तळघरात बोलावलं. उसना माइक होता, फितीवर गाणं टिपणारा टेपरेकॉर्डर होता, ठेक्याचं यंत्र होतं, शेजारी हीटरचे नळ खडखडत होते. व्हर्डेलने स्वतः रचलेलं चार कडव्यांचं गाणं एका दमात गाऊन टाकलं. क्ली डोळे मिटून ऐकत होता. ऐकत कसला, शोधत होता. तिसऱ्या मिनिटाला त्याला हवी ती ओळ सापडली: 'दिवा राहू दे, मी निघालेय.'

या धंद्यातलं शेंबडं पोरही आधी नक्कल काढतं आणि मग नकलेवर ब्लेड चालवतं. पण नक्कल काढली की बारीक खरखर येते, आणि आमच्या या शहाण्याला खरखर खपायची नाही. त्याने मूळ फीतच कापली. ओळीच्या तुकड्याची दोन टोकं चिकटवून त्याचा गोल केला, तो पेन्सिलीभोवती फिरवत ठेवला आणि सात मिनिटांचं गाणं तयार केलं. उरलेली फीत कोरी असल्यासारखी वापरली, तिच्यावर दुसऱ्याच दिवशी नुसते ढोलाचे ठेके भरले. हे त्याला त्या वेळी चुकूनही चूक वाटलं नाही, यातच त्याचा सगळा स्वभाव आला.

तयार झालेलं गाणं ऐकून व्हर्डेलने विचारलं, "अरे, आणि बाकीचं?"

"बाकीच्यावर कोण नाचतंय?" क्ली म्हणाला.

ती हसली. तिला हसण्याची सवयच होती.

त्या ओळीने क्लीचं नशीब उघडलं. गाणं डेट्रॉइटला गेलं, न्यूयॉर्कला गेलं, समुद्रापलीकडे लंडनला गेलं. तिकडच्या कंपन्या मोठमोठ्या गायिकांच्या टेपा त्याच्याकडे धाडू लागल्या आणि क्ली प्रत्येकीची एकेक ओळ ठेवून बाकीची गाणी कचऱ्यात टाकू लागला. टपालाची नोकरी सुटली. वर्षातले सहा महिने तो परदेशात असायचा. व्हर्डेल इथेच राहिली, शाळेच्या स्वयंपाकघरात काम करत, दम्याचा पंप खिशात ठेवून.

आई, जिला चर्चमध्ये सगळे मानाने मिस ओडेसा म्हणत, मात्र ते गाणं कधी ऐकायला तयार झाली नाही. चर्चमध्ये पांढरे हातमोजे घालून लोकांना बाकावर बसवणारी बाई ती. देवाने दिलेला गळा पोरीने गोदामातल्या धांगडधिंग्याला वाहिला, हे तिच्या जिव्हारी लागलं होतं. कुणाच्या गाडीत ती ओळ वाजली तरी ती काच वर करायला सांगायची.

चौऱ्याण्णवच्या मार्चमध्ये क्ली मँचेस्टरला असताना व्हर्डेल दम्याच्या झटक्याने गेली. वय वर्षं एकतीस. क्ली दफनाला कसाबसा पोचला. दफनानंतरच्या जेवणाला चर्चच्या तळघरात तळलेली कोंबडी आणि मॅकरोनी खाताना लोक त्याची पाठ थोपटत होते, तिचा आवाज तू अमर केलास म्हणत होते. त्याला ते बरं वाटलं, हे सांगायला हवं.

तीन आठवड्यांनी आईने त्याला बोलावून घेतलं. स्वयंपाकघरात टेपरेकॉर्डर पुसून ठेवला होता.

"मला तिचं गाणं ऐकायचंय," ती म्हणाली. "ते तुझं कापलेलं नको. आख्खं लाव. जायच्या आधी म्हणत होती, 'दुसऱ्या कडव्यात तू आहेस आई, राग गेला की ऐक.' माझा राग गेलाय."

क्लीने सांगितलं, आख्खं नाही.

"म्हणजे कुठंय?"

"कुठेच नाही, आई. मीच पुसलं."

आईने टेपरेकॉर्डर पुसलेल्या फडक्याची घडी घातली. मग म्हणाली, "बरं. तू तर तिथंच होतास. शब्द सांग."

क्लीने डोकं खाजवून खाजवून आठवलं. ठेक्याचा वेग आठवला. नळांची खडखड आठवली. दुसऱ्या कडव्याच्या सुरुवातीला ती खोकली आणि आपण चिडलो, तेही आठवलं. शब्द एकही आठवेना. काहीतरी रचून सांगावं असं त्याच्या मनात आलं. आईने तेवढ्यावरही समाधान मानलं असतं. पण तिच्याकडे बघून त्याची जीभ उचलेना. त्याला स्वतःची शिसारी आली.

"मग आहे तेवढं लाव," आई म्हणाली.

त्याने लावलं. व्हर्डेल म्हणाली, दिवा राहू दे, मी निघालेय. मिस ओडेसाने डोळे मिटले आणि चर्चमध्ये देतात तशी साद दिली, "हो गं माझे बाई." ओळ पुन्हा आली. तिने पुन्हा साद दिली. चर्चमध्ये गाणारी एकच ओळ घोळवू लागली, की बसलेल्यांना कळतं, ही आता जोर घेतेय, हिला पुढचं काहीतरी मोठं सांगायचंय. साठ वर्षं मिस ओडेसा तसंच ऐकत आली होती. सातव्यांदा ओळ आली तेव्हा ती खुर्चीत पुढे सरकली. दहाव्यांदा आली तेव्हा तिने टेबलाची कड धरली.

क्लीला ते बघवेना. त्याने बटणाकडे हात नेला.

आईने त्याचं मनगट पकडलं. "थांब," ती म्हणाली, "आता म्हणेल ती."

गाणं संपायला अजून चार मिनिटं होती.