पाटावरची रायफल

आमच्या घरची शस्त्रपूजा म्हणजे विळी, कात्री आणि स्क्रूड्रायव्हर. ऑकलंडला आल्यावर त्यात लॅपटॉपची आणि गाडीच्या किल्लीची भर पडली. यंदा दसऱ्याला नवऱ्याच्या मित्राकडे बॉटनी डाउन्सला गेलो, तर पाटावर चक्क हरणं मारायची रायफल! नळीला हळदकुंकू, वर प्लास्टिकच्या झेंडूची माळ.

"वहिनी, या वर्षी खरी शस्त्रपूजा!" मित्र कौतुकाने म्हणाला.

माझ्या डोक्यात तिडीकच गेली. पुण्यात असताना टिकल्यांच्या पिस्तुलापलीकडे ज्यांनी काही हातात धरलं नव्हतं, ती माणसं वाकून फोटो काढत होती. किती लांब मारते, हे एकाने विचारलं आणि त्याच दमात श्रीखंड घरचं का, हेही विचारलं.

"पोरांसमोर कशाला हे?" मी म्हणाले.

"अहो, बोल्ट काढलाय, उडणारच नाही, गोळ्या वेगळ्या कुलपात आहेत. इथे हीप्स, ढिगाने लोकांकडे असते. चिल, वहिनी."

याच देशात मशिदीतल्या गोळीबारात माणसं गेली, तेव्हा हाच गृहस्थ आमच्याबरोबर मशिदीबाहेर फुलं ठेवायला आला होता. तेव्हा त्याचे डोळे भरून आले होते, ते मी पाहिलं होतं. आज त्याला त्यातलं काहीच आठवू नये, याचाच मला जास्त संताप आला.

तेवढ्यात माझी सात वर्षांची लेक पुढे झाली. तिने नळीवर अक्षता वाहिल्या, डोळे मिटून हात जोडले. सगळे "सो क्यूट" म्हणाले. मी तिचा दंड धरला आणि जेवणाचं पान न घेताच बाहेर पडले. मागून नवरा आला, तोंड पाडून.

गाडीत लेकीने विचारलं, "आई, काकाला गन कोण देतं?" मी रागावले की ती मराठीत बोलते, मला बरं वाटावं म्हणून.

"पोलीस परवाना देतात. आधी ओळखीच्या माणसाला विचारतात, हा भरवशाचा आहे ना म्हणून."

"मग हू डिड दे आस्क?"

गेल्या वर्षी मी पेनरोजच्या ऑफिसात असताना पोलिसांचा तो फोन आला होता. माझ्या ऑपरेशननंतर या मित्राच्या बायकोने महिनाभर डबा पुरवला होता, नाही कसं म्हणणार? भीड भिकेची बहीण म्हणतात ते खोटं नाही. बंदूक घरात कशाला हवी, एवढंही मी त्याला विचारलं नाही. फार सज्जन माणूस, असं सांगून मी पुन्हा जेवायला बसले होते.

"मला," मी म्हणाले.