सावातला अजून अग्नी दिलेला नाही

लामियादचं तोंड वाईट, हे तिच्या गिऱ्हाइकांनाही ठाऊक होतं. बाजाराच्या कोपऱ्यावर ती चिकट भाताचे गोळे अंडं लावून निखाऱ्यावर भाजायची. कुणी घासाघीस केली की म्हणायची, "परवडत नसेल तर वास घे आणि चालायला लाग." तरी रांग लागायची. नवरा सावात अगदी उलटा. मोटारसायकलला डबा जोडून भंगार गोळा करत फिरायचा आणि बायकोची बोलणी खाऊनही गालात हसायचा.

त्या सावातला विरोत ठेकेदाराच्या पोराने, नोपने, पिकअपखाली घेतलं. भरदिवसा, सरळ रस्त्यावर. आणि थांबला? छे! पठ्ठ्याने घर गाठलं नि बापाच्या मागे लपला. पोलिसांसमोरही बापच बोलला.

विम्याचे पैसे मिळाले, ते मयतीला आलेल्यांच्या जेवणात आणि भिक्खूंच्या दानात गेले. मग ठेकेदार सरपंचाला पुढे घालून तीन लाख बाट रोख घेऊन आला. बदल्यात सही हवी होती: भरपाई मिळाली, आमची तक्रार नाही. तो कागद कोर्टात दाखवला की पोराचा तुरुंग टळणार होता.

"पैसे राहू द्या," लामियाद म्हणाली. "पोरगा कुठाय?"

"अगं, तो घाबरलाय."

"आणि माझा नवरा नसेल घाबरला? फुलं-उदबत्ती घेऊन त्याला येऊ दे. त्याच्या शवपेटीसमोर गुडघे टेकून माफी मागू दे. मग लगेच सही. तोवर मी प्रेत जाळत नाही."

सावातची पेटी विहारामागच्या खोलीत जाऊन राहिली. अपघातात मेलेल्याला फार दिवस ठेवू नये, त्याचं भूत फिरतं, म्हणून अख्खा गाव तिच्या मागे लागला, पण ती कुणाला दाद देईना.

शेवटी ठेकेदाराने निरोप धाडला: नोप सावातच्या चितेपुढे भिक्खू होईल, पोटच्या पोराने व्हावं तसा. त्याचं पुण्य सावातला लाभेल. लामियादला मूलबाळ नव्हतं. ती विरघळलीच. पोरगा आधी माफी मागेल आणि मग डोकं भादरेल, असं धरून चालली बिचारी. त्या दिवशी गिऱ्हाइकांशीसुद्धा गोड बोलली, म्हणजे बघा!

पण ठेकेदार कसला लबाड! चितेच्या दिवशी त्याने पहाटेच दुसऱ्या विहारात पोराचं मुंडण आणि दीक्षा उरकून घेतली. नोप आला तो चीवर घालूनच, आणि सरळ ओट्यावर भिक्खूंच्या रांगेत जाऊन बसला. भिक्खू काही गावकऱ्यांपुढे वाकत नाही, म्हणजे आता तो कुणापुढे वाकणार नव्हता. उलट सगळ्यांनीच त्याच्यापुढे डोकं टेकायचं. गाव वाकलं. लामियाद उभीच राहिली.

"मावशी, वाका की! लोक बघतायत," सरपंच कुजबुजला.

"ज्याने मारलं त्याच्याच पाया पडू?"

"चिवराच्या पडायचं, माणसाच्या नाही."

"मग माफी कोण मागणार? चीवर?"

ओट्यावर नोपने मान खाली घातली. ठेकेदार पुढे सरकला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा बेताने म्हणाला, "अजून किती हवेत ते बोल ना."

झालं! मागून कुणीतरी म्हणालंच, "मढ्याच्या टाळूवरचं लोणी खातेय."

लामियाद पेटीकडे वळली. "पेटी आत न्या," एवढंच म्हणाली. पेटी परत गेली, ठेकेदाराने आणलेले पैसेही परत गेले. नोपने चार दिवसांत चीवर उतरवलं. आणि शिव्या कुणाला? तिला! गिऱ्हाईक तुटलं, सख्खा भाऊ बोलेनासा झाला.

कोर्टाची तारीख जवळ आली तसा ठेकेदार एकटाच तिच्याकडे आला. भर बाजारात गुडघ्यांवर बसला आणि त्याने हात जोडले.

"ताई, जाळ गं त्याला. पोरगा झोपत नाही. अंधार पडला की दारं-खिडक्या लावून बसतो."

माणूस खरंच रडत होता. लामियादने हातातला भाताचा गोळा खाली ठेवला.

"उठा. गाडी तुम्ही चालवत होता का? मग तुमचे गुडघे माझ्या काय कामाचे? त्याला पाठवा."

"तो रोजच निघतो गं यायला," ठेकेदाराच्या तोंडून निघून गेलं. "मीच अडवतो. त्याने माफी मागितली आणि तू सही केलीच नाहीस तर? गावासमोर कबुलीच झाली ना ती!"

आजूबाजूच्या बायकांचे हात थांबले. मढ्याच्या लोण्याचं बोलणारीही तिथेच होती.

"रोज निघतो?" लामियादने विचारलं.

ठेकेदार गुडघे झटकत उठला.

"म्हणजे माझ्या माणसाचा अग्नी मी नाही अडवलेला, तुम्ही अडवलाय," ती म्हणाली. "जा घरी. आणि तुमच्या पोराची झोप माझ्याकडे मागू नका."