मक्तेदाराच्या पायरीवर गुणवंती

वरळीच्या कोळीवाड्यातली गुणवंती डोक्यावर पाटी घेऊन निघाली, की गिरगाव येईपर्यंत कुणाच्या बापासाठी थांबत नसे. महालक्ष्मी मागं पडायची, ताडदेव मागं पडायचं, आणि बाई थेट चाळीत शिरून आरोळी ठोकायची, "पापलेट हाय, बोंबील हाय! ताजं नसलं तर माझ्याच तोंडावर फेका!" आजवर कुणी फेकलं नव्हतं.

सन अठराशे चौऱ्याण्णव. दिवाळी तोंडावर आलेली. मक्तेदार रमाकांतरावांच्या बग्गीनं गिरगावच्या नाक्यावर तिला उडवलं. घोडे नवे, कोचमन ऐटीत आणि मालकाला कचेरीची घाई. चाक मांडीवरून गेलं. लोकांनी बग्गी अडवली तेव्हा रमाकांतराव आत बसल्या बसल्याच म्हणाले, "हिच्या पोटापाण्याचं मी बघतो." लोक बाजूला झाले, बग्गी निघून गेली. रस्त्यावर गुणवंती आणि तिची चिरडलेली मासळी तेवढी राहिली.

हाडवैद्यानं पाय बांधला. हाड जुळलं, पण वाकडं. काठीशिवाय उभं राहवेना, मग डोक्यावर पाटी कसली घेतेय! नवरा हरेश्वर होडीवर जाई. पण होडीनं आणलेलं बाईनं विकलं तरच कोळ्याच्या घरी चूल पेटते. तिच्या गिऱ्हाइकांच्या दारात आता दुसऱ्या कोळणी उभ्या राहू लागल्या. कोळीवाड्यातून मासळीचा खटारा रोज शहराकडं जाई. त्यात बसून गिरगाव गाठता आलं असतं, पण पुढं दारोदार फिरणार कोण? तिला बसायला एक जागा हवी होती. मक्तेदाराकडून तिला दुसरं काही नको होतं. तसा निरोप तिनं दोनदा धाडला. उत्तर आलं नाही.

आणि एका सकाळी तीच बग्गी कोळीवाड्यात येऊन उभी राहिली. रमाकांतरावांच्या पत्नी मालनबाई उतरल्या. मागून त्यांचा कारभारी धोंडोपंत. मालनबाईंनी गुणवंतीला कुंकू लावलं आणि खण, नारळ, तांदूळ पुढं केले.

"आणि जागेचं काय, बाईसाहेब?" गुणवंतीनं विचारलं.

"आधी ओटी घे," धोंडोपंत म्हणाला. "बोलणं मागाहून."

गुणवंतीनं पदर आवरून घेतला. तिची सासू काशीबाई घाबरून तिच्या कानाशी लागली. "पदर पसर गो! सवाष्णीनं ओटी परतवायची? माझा हरेश्वर दर्यात हाय!"

नवरा पाण्यावर असताना कोळणीची जीभ बांधलेली असते. गुणवंतीनं पदर पसरला.

मालनबाई बग्गीत बसतात न बसतात, तोच धोंडोपंत बघायला आलेल्या कोळीवाड्याच्या पाटलाकडं वळला. "पाटील, तुमच्यात नारळ घेतला की तंटा मिटला. खरं ना?"

पाटील खाली बघत म्हणाला, "रिवाज तसाच हाय."

"मग मिटला!"

बग्गी गेली. गुणवंती सासूवर उसळली. "आये, माझा पाय नारळावारी घालवलास गो!"

"मला काय ठाव," म्हातारी रडकुंडीला आली, "मेले आपलाच रिवाज शिकून येतील म्हणून!"

गुणवंतीनं तो नारळ उचलून पाटीत ठेवला. मग म्हणाली, "शिकले, पण अर्धाच."

दुसऱ्या दिवशी ती खटाऱ्यात बसून गिरगावात आली आणि रमाकांतरावांच्या घराच्या पुढच्या पायरीवर पाटी मांडून बसली. धोंडोपंत धावत बाहेर आला.

"ऊठ! ही काय मासळीबाजाराची जागा आहे?"

"माझ्या माहेरची जागा हाय. वयनीनं घरी येऊन ओटी भरली. जिनं ओटी भरली तिचं घर म्हंजे माहेर, त्योबी रिवाजच. लेक माहेरी आली, तर पंत तिला हाकलतात!"

बघता बघता गर्दी जमली. तिची जुनी गिऱ्हाईक मंजुळा समोरच्या चाळीतून ओरडली, "अहो पंत, नारळ परत मागा की! मग उठेल ती!"

लोक खो खो हसले. रमाकांतराव लाल होऊन दारात आले. "शिपायाला बोलावतो. भर रस्त्यात हा तमाशा?"

"बोलवा की. त्याच रस्त्यात तुमी शबुद दिलेला, रावसाहेब. तोही ऐकंल."

मागून मालनबाई आल्या. गुणवंतीच्या कपाळावरचं कुंकू त्यांनी आपल्या हातानं लावलेलं. नवऱ्याकडं न बघता त्या हलकेच म्हणाल्या, "शिपाई नको. तिला मी उठवणार नाही." रमाकांतराव पाय आपटत आत गेले. मग मालनबाईंचा आवाज आणखी उतरला. "पण पुढच्या दारात नको गं. मागच्या गल्लीतल्या पायरीवर बस."

गुणवंतीनं पाटी पुढं ढकलली आणि बसल्या बसल्याच घसटत मागच्या गल्लीत गेली. हात द्यायला कुणी आलं नाही. मघाशी हसणारेही नाहीत.

जागा मिळाली. लोक म्हणाले, कोळीण जिंकली. म्हणायला त्यांचं काय जातंय! त्या गल्लीत गिऱ्हाईक वळत नाही. गुणवंती ओरडून ओरडून घसा बसवते, तेव्हा कुठं दोनचार बाया येतात. उरलेली मासळी संध्याकाळी खटाऱ्यातून परत जाते. बाजूलाच रमाकांतरावांचा तबेला आहे. रोज सकाळी बग्गी तिच्यासमोरून बाहेर पडते. कोचमन तोच, ऐटही तीच. चाकांचा आवाज आला की गुणवंतीच्या हातातला कोयता थांबतो. धड पाय ती चटकन आत घेते. दुसरा आपण होऊन येत नाही. तो तिला दोन्ही हातांनी उचलून आत ओढावा लागतो, आणि तोवर बग्गी थांबत नाही.