शाल, श्रीफळ आणि चोरीची प्रिंट

आमच्याकडे माणसाचं कौतुक करायचं म्हटलं की आधी फेटा बांधतात, त्याचं डोकं ठिकाणावर आहे का ते मग बघतात. माझाही सत्कार झाला, लातूरला, माझा सिनेमा लागला त्या पहिल्याच रविवारी.

भूकंपानंतर पत्र्याच्या शेडमध्ये वाढलेल्या पोरांचा सिनेमा होता, रेणापूरकडच्या एका गावात काढलेला. त्यातली माणसं आमच्यासारखं बोलत होती; तेवढ्यासाठीच तर केला होता. लातूर आणि नांदेडच्या एकेका टाकीजनं तो घेतला. लातूरच्या मॅनेजरनं स्वच्छ सांगितलं होतं, "रविवार भरला तर दुसरा आठवडा देतो. न्हाईतर सोमवारी हिंदी लावतो." दुसरा आठवडा मिळाला असता तर अहमदपूर, उदगीरवालेही घेणार होते. माझं पुढचं सगळं त्या एका रविवारावर होतं.

शुक्रवारी बरी गर्दी झाली. शनिवारी सकाळी धर्माबादच्या पाहुण्यांचा फोन आला, "बघितला. डोळ्यात पाणी आलं." मी विचारलं, तिकडं कुठं लागलाय? "मोबाईलवर आला की! आम्ही पुढं सगळ्यांना पाठवला. तुमची जाहिरात करायलोत."

चोराला शिव्या घालता येतात. हे तर माझेच पाहुणे, आणि वर त्यांना वाटत होतं की आपण उपकार करतोय.

सत्कार ठेवला होता माझ्या मावसभावानं. त्याचा लातूरला क्लास आहे. गावोगावची पोरं डॉक्टर व्हायला त्याच्याकडे येतात. वेळ नेमकी टाकीजमधल्या संध्याकाळच्या शोची. मी म्हटलं, शो सुटल्यावर ठेव. तो म्हणाला, "दादा, पोरान्ला सुट्टी तेवढीच हाय."

शाल, श्रीफळ झालं आणि त्यानं दिवे घालवले. एरवी ज्या पडद्यावर बायोलॉजी चालायची, त्यावर माझा सिनेमा सुरू झाला. कुणीतरी टाकीजात बसून मोबाईलवर उतरवलेला. मधूनच एखादं डोकं उठून लघवीला जात होतं. आवाज विहिरीतून आल्यासारखा. कोपऱ्यात चोरांच्या वेबसाइटचं नाव ठसठशीत, माझं मात्र अर्धं कापलेलं. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. उठायला लागलो तर भावानं मांडीवर हात ठेवला, "गप बस दादा, पोरं लई मन लावून बघायलेत."

बघत होतीच. तेच जास्त लागलं. हसायच्या जागी हसत होती, शेडमधल्या प्रसंगाला चिडीचूप झाली. जन्मभर ज्या प्रेक्षकाची वाट पाहिली तो सगळाच्या सगळा समोर बसला होता, फुकट.

सिनेमा संपत आला तेव्हा मॅनेजरचा फोन आला. "साहेब, संध्याकाळचा शो रद्द केला. माणसंच न्हाईत. उद्यापासून काढतो."

दिवे लागले. दोन शब्द बोला म्हणून माझ्या हातात माईक दिला. मी म्हणालो, "आज टाकीजमधला माझा संध्याकाळचा शो रद्द झाला. बघायला कुणी आलं नाही म्हणून. कारण तुम्ही सगळे इथं होतात."

पुढच्या बाकावरच्या एका मुलीनं मान खाली घातली. मला वाटलं, कळलं.

तेवढ्यात भावानं माईक काढून घेतला. "ऐकलं का पोरांनो? टाकीज रिकामी, पण आपल्या क्लासनं दादाला हाऊसफुल्ल दिला! वाजवा टाळ्या!"

पोरांनी मनापासून वाजवल्या. तो माझा शेवटचा सिनेमा.